चौथ्या सालातलं पत्र

मी संभाजीनगरला गेले ती लेणी बघायला नाही, हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे कोणी लेण्यांची वाट बघत बसायला नको. चार दिवस राहिले आणि वेरूळ तासाभरावर असूनही बघितलं नाही. रत्नागिरीला परत आल्यावर शेजारच्या बाईंनी विचारलं, "मग केलंत तरी काय?" मी म्हटलं, एका फ्रेंच माणसाच्या पत्राची तारीख शोधली. त्यांनी लगेच आंब्याच्या मोहोराचा विषय काढला. त्यांचंही बरोबरच आहे.

माझा धंदा प्रुफं तपासायचा. चाळीस वर्षं लोकांच्या पुस्तकांतल्या चुका काढून पोट भरते आहे. या धंद्यात माणसाचा स्वभाव बिघडतो. दुकानाची पाटी सरळ वाचता येत नाही, लग्नपत्रिका हातात आली की आधी चूक दिसते, मग नवरा-नवरी. तर पुण्याच्या एका प्रकाशकांनी सोनपेठकर सरांची सगळी पुस्तकं एकत्र काढायची ठरवली. सर शहाऐंशी वर्षांचे. फ्रेंच लेखकांची तीन चरित्रं आणि फ्रेंच वाङ्मयाचा दोन खंडांतला इतिहास, एवढं सगळं या माणसाने मराठीत लिहिलं, तेही फ्रान्सचं तोंड न बघता. भाषा शिकले ती पोस्टाने धडे मागवून. गेल्या तीन आवृत्त्यांची प्रुफं मीच पाहिली होती, पण सरांना कधी भेटले नव्हते. सगळा व्यवहार पाकिटांतून.

या वेळी प्रुफं गेली ती परतच येईनात. चार महिने झाले. फोन केला की त्यांची मुलगी सांगायची, "बाबा म्हणतात, अजून थांबा." शेवटी प्रकाशक मला म्हणाले, "तुम्हीच जा. काय अडलंय ते बघा आणि सही घेऊन या. आम्हाला पुस्तक सरांच्या हातात द्यायचंय, त्यांच्या फोटोपुढे ठेवायचं नाही." बोलणं कडू होतं, पण खरं होतं.

औरंगपुरा

स्टेशनवरून रिक्षा केली. रिक्षावाला क्रांती चौकाच्या सिग्नलला थांबला तेव्हा त्याने आरशातून विचारलं, "मावशी, लेण्यास्नी जायचं का उद्या? लई स्वस्तात नेतो." मी म्हटलं, सोनपेठकर सरांकडे काम आहे. "सोनपेठकर सर? ते काठी घेऊन फिरायचे ते?" मी चकित झाले. तो म्हणाला, "आमच्या बापाच्या रिक्षात कधी बसले नाय ते. बाप म्हणायचा, ह्यो माणूस घड्याळ बघत चालतो अन् मधेच थांबून लिहितो. येडाय का काय." मग आपण काय बोलून गेलो ते त्याच्या ध्यानात आलं आणि त्याने भाडं दहा रुपये कमी घेतलं.

घर म्हणजे एका कापड दुकानाच्या वरचं तीन खोल्यांचं बिऱ्हाड. दार वसुधाताईंनी उघडलं. सरांची मुलगी, अठ्ठावन्नच्या आसपास, शाळेत गणित शिकवून नुकत्याच निवृत्त झालेल्या. मी कोकणातली, प्रवासातून आल्यावर आधी पाय धुवायचे हे हाडात मुरलेलं. मोरीत गेले, पिंपातलं पाणी तांब्यावर तांब्या घेऊन पाय, हात, तोंड, मान, सगळं यथासांग धुतलं, वर दोन तांबे जमिनीवर ओतून मोरीही स्वच्छ केली. बाहेर आले तर वसुधाताई पिंपात डोकावून बघत होत्या.

"नळ कधी येतो?" मी विचारलं.

"आता शनिवारी," त्या म्हणाल्या. तो मंगळवार होता.

माझ्या घरी चार महिने आभाळ फाटलेलं असतं. पाण्याला मोजमाप असतं हे मला पुस्तकातून माहीत होतं, अंगाला माहीत नव्हतं. मेल्याहून मेल्यासारखं झालं. वसुधाताई मात्र हसल्या आणि म्हणाल्या, "असू द्या, इथं येणारा प्रत्येक कोकणी माणूस पहिल्या दिवशी हेच करतो." मग त्या खालच्या दुकानदाराकडून दोन घागरी मागून आणायला गेल्या. मीही मागोमाग गेले आणि एक घागर जिन्याने वर आणली. गुडघ्यांनी रात्रभर आठवण ठेवली.

सर खिडकीपाशी बसले होते. उंच, वाळके, दाढी नीट केलेली. नजर जवळजवळ गेली आहे, माणूस समोर आला की आकार कळतो, चेहरा नाही. मी नमस्कार केला तर म्हणाले, "तुमचं अक्षर मला पाठ आहे, बाई. लाल शाईनं तुम्ही माझी किती विशेषणं मारली." मी म्हटलं, "मारायलाच हवी होती." ते म्हणाले, "व्हय, मारायलाच हवी होती." त्या क्षणी मला सर आवडले.

जेवायला ज्वारीची भाकरी, येसराची आमटी, ठेचा आणि शेंगदाण्याची चटणी. येसर म्हणजे धान्यं आणि मसाले भाजून केलेलं पीठ. ते उकळत्या पाण्यात घातलं की आमटी तयार. आमच्याकडे पाहुणा आला की नारळ फुटतो, इथं भाकरी मोठी होते. मी ठेचा जरा जास्त घेतला आणि पुढची दहा मिनिटं बोलू शकले नाही. सरांनी विचारलं, "बाई गेल्या का?" वसुधाताई म्हणाल्या, "नाही बाबा, ठेचा खातायत."

जेवणानंतर अडचण कळली, आणि ती सांगायची तर सरांच्या सगळ्यांत गाजलेल्या चरित्राबद्दल दोन शब्द सांगायला हवेत. ते आहे वेर्दोल नावाच्या, फ्रान्समध्येही फारसं कोणी वाचत नसलेल्या एका नाटककाराचं. त्यातलं अकरावं प्रकरण, 'बाप कुठे होता', आमच्या पिढीतल्या वाचकांना पाठ असायचं. वेर्दोलची सहा वर्षांची मुलगी क्लेर पॅरिसमध्ये तापाने मरते. त्याच आठवड्यात वेर्दोल दूर लियाँ शहरात बसून एका मित्राला पत्र लिहितो: काल बदक खाल्लं, नाटक पाहिलं, हसून हसून पोट दुखलं. सरांनी ते पत्र आणि त्या पोरीचं मरण एकाआड एक परिच्छेदांत लिहिलंय. मी कॉलेजात असताना ते वाचून रडले होते. त्या वेर्दोलचा मला इतका राग होता की जिवंत असता तर दोन शब्द सुनावले असते.

नजर गेल्यावर प्रुफं वसुधाताई मोठ्याने वाचून दाखवायच्या. आधी त्यांनी इतिहासाचा खंड वाचला, मग चरित्र. अकराव्या प्रकरणात त्या थांबल्या आणि म्हणाल्या, "बाबा, हा माणूस तर मेला होता ना?"

वेर्दोलने बदक खाल्लं ते लियाँतल्या एका मुद्रक मित्राच्या घरी. आणि इतिहासाच्या खंडात, चारशे पानं मागे, सरांनीच लिहिलंय की तो मुद्रक त्याआधीच्या उन्हाळ्यात वारला. म्हणजे मेलेला माणूस हिवाळ्यात बदक वाढत होता.

हे ऐकून मला काय वाटलं ते स्पष्ट सांगते. लाज वाटली. ही दोन्ही पुस्तकं मी तीन-तीनदा वाचली होती. अनुस्वार शोधत बसले आणि मढं जेवायला बसलंय ते मला दिसलं नाही.

"दोनांपैकी एक तारीख खोटी आहे," सर म्हणाले. "ती सापडल्याशिवाय मी सही करणार नाही. माझ्याकडे वेळ थोडा आहे, मला माहीत आहे. पण चूक छापून मरायचं नाही मला."

लग्नपत्रिकांच्या मागे

दुसरा दिवस आम्ही कार्डांत घालवला. सरांची टिपणं कार्डांवर असत आणि कार्डं लग्नपत्रिकांची असत. कोरी बाजू वर करून पत्रिका सारख्या आकारात कापायच्या आणि वर्णानुक्रमे बुटांच्या खोक्यांत लावायच्या. मराठवाड्यात लग्नं भरपूर आणि पत्रिका जाड कागदाच्या, त्यामुळे सरांना सामान कधी कमी पडलं नाही. एका बाजूला फ्रेंच कवीचं मृत्युपत्र, उलटं केलं की चि. सौ. कां. अमकी हिचा शरीरसंबंध. मी पत्रिकांतल्या चुका काढायला लागले तेव्हा वसुधाताईंनी खोकं माझ्यासमोरून उचललं.

सरांची काम करण्याची रीत दुपारी कळली. ऊन उतरल्यावर ते माझा दंड धरून खाली फिरायला निघाले. गुलमंडीकडच्या गर्दीतून, दुचाकींच्या हॉर्नमधून, ते आरामात चालत होते. मी जीव मुठीत धरून. "वेर्दोलच्या घरापासून नाटकगृह अकराशे पावलांवर होतं," ते म्हणाले. "अकराशे म्हणजे किती, हे मला कसं कळणार? मग मी आमच्या दारातून अकराशे पावलं चाललो. पोचलो त्या मारवाड्याच्या दुकानापाशी. पावसात किती वेळ लागतो, थंडीत किती लागतो, पोटात भूक असताना किती लागतो, सगळं चालून बघितलं. मगच ते वाक्य लिहिलं."

वाक्य मला आठवत होतं. 'तो नाटकगृहाशी पोचला तेव्हा त्याचा राग निवला होता.' मी नेहमी समजत होते की सरांनी हे कुठल्या तरी फ्रेंच ग्रंथातून घेतलं असणार.

"न पाहिलेल्या माणसाबद्दल लिहायचं म्हणजे उधारीचं काम," सर म्हणाले. "पाय तरी आपले असावेत."

मुद्रकाच्या मृत्यूचं कार्ड संध्याकाळी सापडलं. दोन वेगवेगळ्या ग्रंथांचा आधार होता आणि थडग्यावरचा मजकूरही त्यांतूनच उतरवून घेतलेला होता. तारीख पक्की. क्लेरच्या मृत्यूची तारीखही तशीच, दगडावर कोरलेली. राहिलं पत्र. पत्रावर वेर्दोलने तारीख घातली होती नव्या पंचांगाची. क्रांतीनंतर फ्रेंच लोकांनी जुनं पंचांग मोडीत काढलं, महिन्यांना धुक्याचा महिना, बर्फाचा महिना अशी नवी नावं दिली आणि सालं एकपासून मोजायला घेतली. पत्र होतं धुक्याच्या महिन्यातलं, साल चौथं. ती तारीख आपल्या इसवी सनात आणायचा कोष्टकवजा नियम सरांनी तरुणपणी एका कार्डावर लिहून ठेवला होता: सालात सतराशे ब्याण्णव मिळवा. ते कार्ड पाहिलं, बेरीज केली, वसुधाताईंनी पुन्हा केली. गणिताच्या बाईंची बेरीज चुकणार नव्हती. उत्तर पुस्तकात होतं तेच आलं.

सर जेवले अर्धीच भाकरी.

त्या रात्री माझ्या मनात एक पाप आलं, तेही सांगते. इतिहासाच्या खंडातलं मुद्रकाच्या मृत्यूचं वाक्य सात शब्दांचं होतं. ते मी मारलं असतं तर कोणाला कळलं असतं? प्रकरण अकरा सुखरूप, सही झाली, पुस्तक बाहेर. माझ्या एका लाल रेघेचं काम. मी पेन हातात घेतलंही होतं.

शहागंज

तिसऱ्या दिवशी वसुधाताईंना शहागंजात जायचं होतं. पैठणकडच्या त्यांच्या वडिलोपार्जित शेताचा एक जुना कागद उर्दूत होता आणि तलाठ्याला त्याचं मराठी हवं होतं. निजामाच्या काळातलं सगळं दफ्तर उर्दूत आणि सालं फसली, म्हणजे शेतसाऱ्याच्या हिशेबाची, त्यामुळे या शहरात असे कागद वाचून देणारी माणसं अजून आहेत. मी म्हटलं, मीही येते, घरात बसून मला त्या सात शब्दांशिवाय काही दिसत नाही.

मुनीरचाचा एका घड्याळाच्या दुकानाच्या ओट्यावर छोटं मेज टाकून बसतात. सत्तरीचे, मेंदी लावलेली दाढी, नाकावर दोन चष्मे एकावर एक. कागद हातात घेऊन त्यांनी आधी वास घेतला, मग उन्हात धरला.

"दै महिना," ते म्हणाले. "फसली साल हे."

वसुधाताईंनी लगेच हिशेब केला. "म्हणजे इसवी सनासाठी पाचशे एक्क्याण्णव मिळवायचे ना चाचा?"

"थांबा बाई. घाई नको." चाचांनी बोट वर केलं. "साल बादमें. पहले महिना बघायचा. फसली लागतं आजूर महिन्यात, म्हणजे तुमच्या ऑक्टोबरात. जानेवारी यायला तीन महिने बाकी असतात. ते तीन महिने पाचशे नव्वद मिळवायचे. जानेवारी लागली की मग एक्क्याण्णव. दै म्हणजे नोव्हेंबर आला. नव्वदच. लोक काय करतात, सरसकट एक्क्याण्णव मिळवतात. वकीलसुद्धा. मग कागद एक वर्ष पुढं जातो, अन् मेलेल्या माणसानं अंगठा दिला असं निघतं. अशे लई खटले बघितले मी."

मेलेल्या माणसाने अंगठा दिला. मी ओट्यावरच बसले.

वसुधाताई म्हणाल्या, "काय झालं? ऊन लागलं का?"

"चाचा," मी म्हटलं, "एका देशात साल सप्टेंबरच्या शेवटी लागत होतं. कागद नोव्हेंबरच्या आसपासचा आहे. सरसकट सतराशे ब्याण्णव मिळवलेत."

चाचांनी वरचा चष्मा काढला. "ब्याण्णव जानेवारीनंतरचे असणार. नोव्हेंबरला एक्क्याण्णव. एक कमी करा." मग त्यांनी विचारलं, "जमीन कुठली हाय?"

"फ्रान्समधली."

"तिथं पन फसली होती?" ते म्हणाले आणि वसुधाताईंचा कागद पुढे वाचायला लागले.

एक कमी केलं की सगळं बसत होतं. पत्र मुलीच्या मरणाच्या एक वर्ष आधीचं निघत होतं. मुद्रक जिवंत, बदक खरं, हसणं खरं, आणि क्लेर पॅरिसमध्ये धडधाकट, खेळत असलेली. वेर्दोलने काहीही केलेलं नव्हतं. बिचारा एका संध्याकाळी मित्राकडे जेवला होता, एवढाच त्याचा गुन्हा.

चाचांनी आग्रहाने आम्हाला समोर नान-खलिया खायला नेलं. पिवळा पातळ रस्सा, त्यात मटण आणि वर तव्याएवढा मऊ नान. मी मासे खाणारी बाई, मटणाचं मला कौतुक नाही, पण तो रस्सा मी बोटं चाटून खाल्ला. वसुधाताई नुसता नान चहात बुडवून खात होत्या. खाताना आम्ही दोघी एकच गोष्ट टाळत होतो. शेवटी मीच बोलले.

"सरांना सांगायचं का?"

"का नाही?"

"त्या प्रकरणावर त्यांचं नाव आहे, ताई. लोक सरांना त्याच पंधरा पानांसाठी ओळखतात. ती काढायला लागतील. शहाऐंशी वर्षांच्या माणसाला..." मी थांबले. त्या सात शब्दांचंही सांगून टाकलं. मी काय करायला निघाले होते ते.

वसुधाताईंनी कप खाली ठेवला. "तुम्ही ते मारलं असतं तर मी तुम्हाला पुन्हा घरात घेतलं नसतं," त्या अगदी शांतपणे म्हणाल्या. "बाबा चार महिने झोपलेले नाहीत. सांगायचं."

चौथा दिवस

सकाळी चहा झाल्यावर मी सांगितलं. आजूर, दै, नव्वद, एक्क्याण्णव, सगळं. वसुधाताई स्वयंपाकघरात धपाटे थापत होत्या, दार उघडं होतं.

सरांनी ते कार्ड मागितलं. मी हातात दिलं. त्यांनी त्यावरून अंगठा फिरवला, दिसत काहीच नव्हतं.

"माझे वडील तहसिलीत पेशकार होते, दफ्तराचे कारकून," ते म्हणाले. "घरी दफ्तर यायचं. फसलीचा इसवी करायला मला बसवायचे. आजूर, दै अन् बहमन, नव्वद. पुढं एक्क्याण्णव. चुकलो की कान पिळायचे. सात वर्षांचा होतो मी. मला हे येत होतं, बाई."

मी म्हटलं, "सर, होतं असं. माझ्याही नजरेतून तीनदा सुटलं."

"तुमच्या सुटलं. माझ्या सुटलं नाही." त्यांनी कार्ड मांडीवर ठेवलं. "म्हणजे, मी बघितलंच नाही. बघितलं असतं तर दिसलं असतं. फ्रेंच साल पानगळीत लागतं हे मी इतिहासाच्या पहिल्या खंडात स्वतः लिहिलंय. पण त्या पत्रापाशी मी एकदाही बोटं मोजली नाहीत. मला ते खरं हवं होतं."

मला काही कळेना. "का?"

"ते पत्र मी हैदराबादेत उतरवून घेतलं. ग्रंथालयात बसून. पंधरा दिवसांची परवानगी होती. तेराव्या दिवशी घरून पोस्टकार्ड आलं, मुकुंदाला ताप आहे, निघा. माझा मुलगा. चार वर्षांचा. माझी पन्नास पानं उतरवायची राहिली होती. मी म्हटलं, ताप काय, पोरांना येतच असतो. दोन दिवस थांबलो. पानं पुरी केली. गाडीनं सकाळी इथं उतरलो तेव्हा सगळं आटोपलं होतं."

स्वयंपाकघरातलं थापणं थांबलं होतं.

"मग मी वेर्दोलचं प्रकरण लिहिलं. एका बैठकीत. लोक म्हणाले, काय लिहिलंय, बाप कसा उभा केलाय. मी कुणाला सांगितलं नाही. हिच्या आईला वाटायचं, कार्ड मला मिळालंच नाही, वाटेत हरवलं. मी तसंच वाटू दिलं." सरांचं बोट कार्डाच्या कडेवरून फिरत होतं. "साठ वर्षं होत आली. मला वाटायचं, जगात आणखी एक बाप आहे असा. त्याला शिव्या घातल्या, पण सोबत होती त्याची. आता तो सुटला."

मला नेहमी बोलायला सुचतं. घरचे म्हणतात, हिच्या जिभेला हाड नाही. त्या दिवशी मी नुसती रडले आणि ते आवरलंही नाही.

वसुधाताई दारात उभ्या होत्या, हाताला पीठ. त्यांच्या जन्माआधी एक भाऊ गेला एवढंच त्यांना माहीत होतं. भिंतीवर त्याचा फोटो नव्हता, घरात त्याचं नाव कोणी घेत नसे. त्या येऊन सरांच्या पायाशी जमिनीवर बसल्या. रागावल्या असतील असं मला वाटलं, आणि थोड्या रागावल्या होत्याही. "आईला सांगायला पाहिजे होतं, बाबा," त्या म्हणाल्या. "तिनं पोस्टमनला जन्मभर शिव्या दिल्या."

"व्हय," सर म्हणाले. "द्यायला मला पाहिजे होत्या."

खाली कापडवाल्याने दुकानाचं शटर वर केलं. मग सर सरळ बसले आणि मला म्हणाले, "बाई, पेन घ्या. प्रकरण अकरा पूर्ण काढा. तळटीप नको, सारवासारव नको. पहिल्या पानावर लिहा की आधीच्या आवृत्त्यांत मी एका माणसावर खोटा आरोप केला होता आणि तो मागे घेतो."

मी लिहिलं. सरांनी चाचपडत सही केली. मला वाटलं, झालं. मी कागद आवरायला घेतले.

"थांबा," ते म्हणाले. "ती पंधरा पानं मोकळी झाली ना? सगळी नकोत. एक पुरे. आणखी एक चरित्र सांगतो, ते तिथं घाला."

आणि त्यांनी सांगायला सुरुवात केली, एकेक वाक्य थांबून, पुस्तकांत लिहितात तसं. मी उतरवत गेले.

"मुकुंद अनंत सोनपेठकर. जन्म औरंगपुऱ्यात, भाड्याच्या खोलीत. रंगाने सावळा, आईवर गेलेला. त्याला टांगा आवडत असे. शहागंजच्या नाक्यावर टांगे उभे असत, तिथपर्यंत तो वडिलांचं बोट धरून आठशे पावलं चालत जाई, आणि येताना खांद्यावर बसून येई."

इथे ते अडले. "आणखी काय... मला आणखी आठवत नाही," ते म्हणाले. "मी घरी कमी असायचो."

"त्याला गुळाचा खडा लागायचा झोपताना," वसुधाताई म्हणाल्या. "आई मला देताना एकदा बोलली होती. म्हणाली, त्यालाही लागायचा. कोणाला, ते मी विचारलं नाही."

"लिहा," सर म्हणाले. "झोपताना त्याला गुळाचा खडा लागे. तो चार वर्षं जगला. तापाने गेला. त्याच्या वडिलांना कळवलेलं होतं. ते आले नाहीत."

आमच्या धंद्यात मजकूर उतरवला की तो लिहवणाऱ्याला मोठ्याने वाचून दाखवायचा, विरामचिन्हांसकट. मी वाचायला लागले. मुकुंद अनंत सोनपेठकर, पूर्णविराम. जन्म औरंगपुऱ्यात, स्वल्पविराम. टांग्यांपर्यंत आले आणि थांबले. वसुधाताईंनी कागद माझ्या हातातून घेतला आणि पहिल्यापासून वाचला, मुलीला वडिलांनी कधी न सांगितलेलं सगळं, एकही चिन्ह न गाळता. शेवटचा पूर्णविराम म्हणून झाल्यावर त्यांनी विचारलं, "बरोबर आहे, बाबा?"

"पुन्हा वाच," सर म्हणाले.